बयान ऐकून रडलो, पुढे काय?

दोन हिवाळ्यांपूर्वी नरखेड तालुक्यातल्या एका गावी जलसा झाला. गावाचे नाव लिहीत नाही. असा जलसा आपल्या कुठल्याही गावात होतो. आंबिया बहाराची संत्री उतरून गेली होती, लोकांच्या हातात थोडाफार पैसा होता, त्यामुळे वर्गणीही बरी जमली होती. मांडव मोठा होता. बायकांसाठी मागच्या बाजूला कनात लावलेली आणि कनातीच्या बांबूला एक भोंगा. बाहेरगावहून आलेले मौलाना रात्री साडेदहाला बोलायला उभे राहिले ते एक वाजेपर्यंत बोलले. विषय होता मौत आणि कबरीचा अजाब. सकरात कशी येते, कबर कशी दोन्ही बाजूंनी दाबते, सवाल विचारणारे फरिश्ते कसे येतात, हे सगळे त्यांनी आवाज चढवीत-उतरवीत असे काही सांगितले की कनातीत हुंदक्यांशिवाय काही ऐकू येईना. पुरुषांकडूनही तोच आवाज येत होता. आम्हीही रडलो, हे आधीच कबूल करतो. नंतर कुणी म्हणू नये की आपांनी दुरून बघून लिहिले.

दुसऱ्या दिवशी गावात एकच वाक्य फिरत होते : ‘बहुत रुलाया हजरत ने.’ चहाच्या टपरीवर तेच, शाळेच्या फाटकाशी मुलांना सोडायला आलेल्या बापांच्या तोंडी तेच. मौलाना काय बोलले हे कुणी सांगत नव्हते. किती रडवले हे सांगत होते. पुढल्या वर्षी पुन्हा त्यांनाच बोलवायचे, असेही ठरून गेले.

जलशाला तीन आठवडे झाले नाहीत तोच त्याच गावातली एक मंगनी मोडली. मुलगी आमची जुनी विद्यार्थिनी, दहावीला वर्गात दुसरी आलेली. बापाची दोनशे झाडांची बाग. पुढचा बहार व्यापाऱ्याला आधीच देऊन त्याने मंगनीचा खर्च उचलला होता. मुलाकडच्यांनी मंगनीनंतर दुचाकी मागितली. बापाने निकाहपर्यंत मुदत मागितली, ती त्यांनी दिली नाही. मेहरचे बोलणे झाले तेव्हा हेच लोक म्हणाले होते, ‘जो शरीयत में है वही, उधार रखो, हम कहाँ भागे जाते हैं.’ मेहर उधार आणि दुचाकी रोख! मुलाचा बाप आणि चुलता त्या रात्री मांडवात अगदी पुढच्या ओळीत होते. रडून रडून त्यांचे रुमाल भिजले होते, असे त्यांच्याच घरच्या बायकांनी कनातीत कौतुकाने सांगितले होते.

वाचकांना वाटेल, आता आम्ही या माणसांना ढोंगी म्हणणार. म्हणत नाही. ढोंगी असते तर गोष्ट सोपी होती. ते खरेच रडले होते. त्यांच्या काळजाला खरीच धडकी भरली होती. रात्री एक वाजता ज्याला कबर डोळ्यांपुढे दिसली त्याला महिन्याच्या आत एका गरीब बापाची बाग दिसू नये, याचा अर्थ काय? ती आसवे गेली कुठे? आमचे भांडण या प्रश्नाशी आहे, आणि हा प्रश्न न विचारणाऱ्या आमच्या सगळ्या जलसा कमिट्यांशी आहे.

हा प्रश्न आम्हीच पहिल्यांदा काढलेला नाही. नऊशे वर्षांपूर्वी इमाम गझालींनी (१०५८–११११) तो काढला होता. बगदादच्या निजामिया मदरशातली मोठी गादी १०९५ साली सोडून जो माणूस फकिरी पत्करतो, तो पुढे ‘इहया-उल-उलूम’ हा ग्रंथ लिहितो आणि त्यात खौफ व उम्मीद या विषयाला एक आख्खे प्रकरण देतो. त्याचा सार असा की भीती हा चाबूक आहे. जनावराला वाटेवर आणण्यापुरता तो चाबूक. माणसाला इल्मकडे आणि अमलकडे हाकणे एवढेच त्याचे काम. चाबूक फार झाला तर माणूस निराश होऊन बसतो, कमी पडला तर तो जागचा हलत नाही. या कमी पडलेल्या भीतीची ओळख त्यांनी दिली आहे : आयत कानी पडली की डोळ्यांना पाणी, आणि आवाज थांबला की मन पुन्हा होते तसेच गाफील. या भीतीला त्यांनी बायकांच्या हळवेपणाचा दाखला दिला आहे. आमच्या तालुक्यातल्या त्या मांडवात ते पुरुषांच्या बाजूला बसले असते तर हा दाखला त्यांना बदलावा लागला असता. असो. त्यांचा मुद्दा मात्र तंतोतंत आमच्या गावाचा आहे. ज्या रडण्याला आपण जलशाचे यश मानतो, त्याला गझाली अपुरी भीती म्हणतात.

आता लगेच ते ठरलेले वाक्य येईल : ‘दीन में अक्ल का दखल नहीं.’ बयान करणारे हे वाक्य मध्ये मध्ये पेरतात, आणि लोक माना डोलावतात. अक्ल म्हणजे नफ्सची दलाल, अक्ल म्हणजे कॉलेजात शिकलेल्यांची घमेंड, अक्ल म्हणजे फिरंग्यांनी आणलेली चीज. आम्ही विचारतो, हे कुठल्या किताबात लिहिले आहे? कुराण तर माणसाला पदोपदी विचार करायला सांगते, आकाशाकडे, जमिनीकडे, उंटाकडे बघायला सांगते. गझालींची ‘किमिया-ए-सआदत’ उर्दू तर्जुम्यात आपल्या कितीतरी घरांत कपाटात आहे. तिच्यात माणूस म्हणजे एक शहर. हात-पाय हे कारागीर, ख्वाहिश ही महसूल गोळा करणारी अंमलदार, राग हा कोतवाल, काळीज हा बादशहा, आणि अक्ल ही त्याची वजीर. अंमलदार लोभी असतो, त्याला सगळाच महसूल आपल्या घरी न्यायचा असतो. कोतवाल तापट असतो, त्याला मारहाणच सुचते. पण दोघांनाही शहराबाहेर हाकला, असे गझाली म्हणत नाहीत. अंमलदार नसेल तर शहर उपाशी मरेल, कोतवाल नसेल तर लुटले जाईल. दोघांना वजिराच्या सल्ल्याने वागवावे, इतकेच. आणि आमचे बयान करणारे नेमके वजिरालाच हाकलून देतात! मग शहराचा कारभार कुणाच्या हाती जातो? त्या मंगनीत तो लोभी अंमलदाराच्या हाती गेला, हे सगळ्या गावाने पाहिले.

दिल्लीचे शाह वलीउल्लाह (१७०३–१७६२) हे तर कुठल्याही मौलानांना नाकारता येणार नाहीत असे नाव. ‘हुज्जतुल्लाहिल बालिगा’च्या सुरुवातीलाच त्यांनी अशा लोकांचा समाचार घेतला आहे, ज्यांना वाटते की शरीयतच्या हुकुमांमागे काही हित, काही कारण नसते. एखाद्या मालकाने नोकराची ताबेदारी बघण्यासाठी त्याला दगड उचलायला किंवा झाडाला हात लावायला सांगावे, तसेच हे हुकूम, असे या लोकांचे म्हणणे. शाहसाहेब ते साफ चूक ठरवतात. हुकुमामागे माणसाचे आणि समाजाचे भले आहे, आणि ते भले समजून घेणे हे आलिमचे काम आहे, ही त्यांची भूमिका. मेहर रोख देण्यामागे कोणते भले आहे, जहेज मागण्यात कोणता जुलूम आहे, हे समजावून सांगायला अडीच तासांतली पंधरा मिनिटे पुरली असती. पण त्याने कुणी रडले नसते.

अक्ल फिरंगी आहे म्हणणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. अंदलुसच्या इब्न तुफैल यांनी बाराव्या शतकात ‘हय्य इब्न यकजान’ नावाची एक कहाणी लिहिली. निर्जन बेटावर हरिणीच्या दुधावर वाढलेले एक मूल केवळ पाहून, तपासून, विचार करून आपल्या निर्मात्यापर्यंत पोहोचते, अशी ती कहाणी. १६७१ मध्ये इंग्लंडात तिचा लॅटिन अनुवाद छापला, पुढच्याच वर्षी डच भाषेत ती आली, १७०८ मध्ये थेट अरबीतून इंग्रजीत. ज्या काळात युरोपात अक्ल मोठी की भावना, आणि नीती कशावर उभी राहते, यावर कडाक्याचे वाद चालू होते, त्याच काळात तिथले लोक आमची ही किताब वाचत होते. आम्ही मात्र ती विसरलो आणि आता अक्लला परदेशी म्हणतो.

त्याच वादांबद्दल थोडे सांगावेसे वाटते. बी.एड.च्या वर्षाला आम्हांला देकार्त परीक्षेपुरता शिकवला. त्याचे ते प्रसिद्ध वाक्य पाठ करून आम्ही गुण मिळवले. गझालींचे नाव घरात ऐकले होते, देकार्तचे कॉलेजात. दोघांना एका सतरंजीवर बसवून कुणी दाखवले नाही. पुढे स्वतः वाचू लागलो तेव्हा कळले की या देकार्तने १६४९ साली भावनांवरच एक पुस्तक लिहिले, आणि ते लिहिण्याची पाळी त्याच्यावर एका बाईने आणली. बोहेमियाची राजकन्या एलिझाबेथ १६४३ पासून त्याला पत्रे लिहून खोदखोदून विचारीत होती : मन आणि शरीर वेगवेगळे असतील तर एक दुसऱ्याला हलवते कसे? दुःखाने माणूस आजारी पडतो, तेव्हा तुमची ती अक्ल काय करते? उत्तरे देता देता त्याला पुस्तक लिहावे लागले. त्यात तो मूळ भावना सहा मानतो : विस्मय, प्रेम, द्वेष, इच्छा, आनंद आणि दुःख. या सगळ्या स्वभावतः चांगल्याच आहेत, टाळायचा तो त्यांचा गैरवापर किंवा अतिरेक, असे तो शेवटी म्हणतो. गझालींच्या कोतवालापासून हे फार लांब नाही. आणि आमच्या मनात येते ते वेगळेच. त्या राजकन्येचे प्रश्न दूरच्या गावाहून पत्राने जाऊन पोहोचले. आमच्या कनातीतून बाहेर एक चिठ्ठीसुद्धा जात नाही. भोंगा आत येतो, आवाज बाहेर जात नाही.

देकार्तच्या पुस्तकाच्या चार वर्षे आधी, १६४५ साली, आपल्या महाराष्ट्रात एका मुसलमानाने मराठीत एक ग्रंथ पुरा केला. श्रीगोंद्याचे शेख महंमद बाबा, आणि ग्रंथ ‘योगसंग्राम’. परंपरा त्यांना कादरी सिलसिल्यातल्या चांद बोधले यांचे शिष्य मानते, आणि शिवाजी महाराजांचे आजोबा मालोजीराजे त्यांना मानीत, असेही सांगते. ग्रंथाच्या नावातच लढाई आहे, आणि ती माणसाच्या आतली आहे. काम, क्रोध, अहंकार यांच्याशी चाललेली. आपल्याकडे जिला जिहाद-ए-नफ्स म्हणतात तीच ही गोष्ट, पण वारकऱ्याला कळेल अशा ओवीत सांगितलेली. रा. चिं. ढेरे, यू. म. पठाण यांच्यासारख्या अभ्यासकांनी शेख महंमदांवर लिहिले म्हणून आम्हांला ते कळले. आमच्या मदरशाने किंवा शाळेने ते सांगितले नाही. बाबांचा दुसरा ग्रंथ ‘निष्कलंक प्रबोध’. त्यात भोंदू गुरू आणि अंधश्रद्धा यांच्यावर त्यांनी कोरडे ओढले आहेत. हिंदू-मुसलमान कुणालाच सोडले नाही. माणसाच्या विकारांवर बोलायचे आणि त्याच दमात त्याच्या डोळ्यांवरची झापडही काढायची, असा हा उपदेश होता. याच शतकात गोव्यात फादर थॉमस स्टीफन्सने ‘ख्रिस्तपुराण’ (१६१६) मराठी ओवीतच रचले होते. धर्म कुठलाही असो, ज्याला लोकांचे काळीज हलवायचे होते तो लोकांच्या भाषेत बोलत होता.

आता अलीकडच्या वर्षांत श्रीगोंद्यात वाद पेटला, तो बाबांच्या स्थानाला समाधी म्हणायचे की दर्गा, यावरून. दोन्ही बाजूंचे लोक तावातावाने बोलले. यातल्या किती जणांनी ‘योगसंग्राम’चा एक तरी प्रसंग उघडून पाहिला असेल? ज्या माणसाने अख्खी हयात अहंकाराशी झुंजण्यात घालवली, त्याच्याच नावावर अहंकाराची झुंज लागावी!

विषय भरकटू नये म्हणून पुन्हा रडण्याकडे येतो. स्पिनोझा हा अ‍ॅम्स्टरडॅमचा यहुदी. त्याच्याच जमातीने त्याला १६५६ साली बहिष्कृत केले. त्याच्या सगळ्याच मतांना आम्ही कबूल म्हणणार नाही, आणि वाचकांनीही म्हणू नये. पण त्याच्या ‘नीतिशास्त्रा’त (हा ग्रंथ तो वारल्यावर १६७७ मध्ये छापला गेला) एक निरीक्षण आहे, ते खोडून दाखवावे. तो म्हणतो की काही उपदेशकांना दुर्गुणांची निंदा करता येते, सद्‌गुण शिकवता येत नाहीत. ते माणसाला समजावून वाटेवर आणत नाहीत, भीतीने दाबून ठेवतात. वाईटापासून पळणे शिकवतात, चांगल्यावर प्रेम करणे नाही. याच पुस्तकात तो असेही म्हणतो की एका भावनेला हरवायला तिच्यापेक्षा जबर भावना लागते. नुसते ज्ञान तिला हरवू शकत नाही. दुचाकीच्या लोभाला कबरीची भीती हरवू शकली नाही, कारण कबर दूर होती आणि दुचाकी जवळ. त्या मुलीच्या बापाबद्दल दर्द पैदा झाला असता, किंवा भर जमातीत लाज वाटली असती, तर कदाचित हरवले असते. पण बयानात त्या बापाचे नावही नव्हते, दुचाकीचेही नव्हते.

यहुद्याचे ऐकायचे नसेल तर ईसाई पाद्र्याचे ऐका. अमेरिकेत जोनाथन एडवर्ड्‌स नावाचा एक पाद्री होऊन गेला. ८ जुलै १७४१ रोजी एनफील्ड गावात त्याने दोजखवर असे प्रवचन केले की लोक किंचाळू लागले आणि त्याला मध्येच थांबावे लागले. म्हणजे आमच्या मौलानांचा उस्तादच म्हणा. पण याच एडवर्ड्‌सने पाच वर्षांनी, १७४६ साली, धार्मिक भावनांवर मोठा ग्रंथ लिहिला. अशा लाटेत रडलेले किती लोक नंतर जसेच्या तसे राहिले, हे त्याने डोळ्यांनी पाहिले होते. आसवे, थरथर, किंकाळ्या यांवरून काहीच सिद्ध होत नाही, असे तो लिहितो. खरी खूण एकच, माणसाचे वागणे, आणि तेही टिकलेले वागणे. ज्याने स्वतः रडवले त्याने नंतर रडण्याचा हिशेब मांडला. आमच्याकडे असा हिशेब मांडणारा एक तरी मौलाना दाखवावा.

भीतीच्या उपदेशात आणखी एक जहर असते. ३० जुलै १९९१ रोजी वर्धा नदीच्या पुराने आमच्याच तालुक्यातले मोवाड उद्ध्वस्त केले. दोनशेहून अधिक माणसे गेली. आम्ही लहानपणापासून त्या पुराच्या कहाण्या ऐकत आलो, आणि प्रत्येक कहाणीच्या शेवटी कुणीतरी म्हणायचे, गुनाह वाढले होते म्हणून अजाब आला. मेले कोण होते? दूधपिती मुले, झोपलेल्या म्हाताऱ्या, सगळ्या जातीधर्मांची गरीब माणसे. त्यांना गुन्हेगार ठरवले की काम संपले. मग नदीकाठी गाव किती जवळ असावे, पाणी वाढल्याची खबर लोकांपर्यंत वेळेवर कशी जावी, हे विचारायला कुणी उरत नाही. १ नोव्हेंबर १७५५ रोजी लिस्बन शहर भूकंपाने कोसळले तेव्हाही असेच झाले होते. मालाग्रिदा नावाच्या पाद्र्याने पुढच्या वर्षी पुस्तिका काढली की ही पापांची शिक्षा आहे, घरे बांधत बसू नका, तोबा करा. त्याच १७५६ साली तिकडे जर्मनीत तरुण इमॅन्युएल कांट भूकंपाची कारणे शोधत लेख लिहीत होता. दोघेही देव मानणारे. एकाने मेलेल्यांवर आरोप ठेवला, दुसऱ्याने जमिनीखाली काय घडले ते विचारले. मोवाडच्या कहाणीत आम्हांला हा दुसरा माणूस कधी भेटलाच नाही.

आणि सब्र! त्या मुलीच्या आईला सगळ्यांनी सब्र करायला सांगितले. सब्र ही मोठी गोष्ट आहे, आमचा तिच्यावर ईमान आहे. पण जुलूम करणाऱ्याला भीती घालायची नाही आणि जुलूम सोसणाऱ्याला सब्र शिकवायचा, हा कुठला इन्साफ? लंडनच्या रोल्स चॅपेलमध्ये जोसेफ बटलर या पाद्र्याने दिलेली प्रवचने १७२६ मध्ये छापली गेली. त्यातले एक रागावर आहे. अन्याय दिसला की मनात उठणारा संताप देवानेच दिला आहे, तो अन्यायाविरुद्ध माणसाला दिलेले हत्यार आहे, असे तो सांगतो. सूड मात्र नको, हे पुढच्याच प्रवचनात. गझालींचा कोतवाल तो हाच. त्या आईला राग आला होता. तिच्या रागाला वाट दाखवायची सोडून आम्ही सगळ्यांनी मिळून तो गिळायला लावला. आम्हीही त्यात होतो. तिच्या ओट्यावर बसून ‘अल्लाह बेहतर करेगा’ म्हणून आम्ही घरी आलो.

आता दुसऱ्या बाजूच्या मित्रांशी दोन शब्द. आपल्या या साहित्यातलेच काही पुरोगामी मित्र म्हणतील, बघा, आम्ही हेच सांगत होतो. भावना बाजूला ठेवा, विवेकाने चला. मित्रहो, तुमचेही आम्हांला पटत नाही. १८ एप्रिल १९६६ रोजी हमीद दलवाईंनी सात मुस्लिम महिलांचा मोर्चा विधानभवनावर नेला. तोंडी तलाक बंद करा, ही त्यातली मुख्य मागणी. १९७० मध्ये मुस्लिम सत्यशोधक मंडळ निघाले. दलवाईंच्या सगळ्या मतांशी आम्ही सहमत नाही, पण त्या मागणीतला तर्क तेव्हाही खणखणीत होता. मग सर्वोच्च न्यायालयाने एका दमातला तीन तलाक रद्द करेपर्यंत २२ ऑगस्ट २०१७ का उजाडावा लागला? एक्कावन्न वर्षे! समाजाच्या कट्टरपणाला दोष देऊन मोकळे होऊ नका. तर्क होता, पण त्या तर्कासाठी आपल्या मोहल्ल्यात कुणाचे काळीज हलले नाही. कारण सांगणारा बाहेरचा वाटला, आणि जुम्म्याच्या खुत्ब्यात कुणी त्याला साथ दिली नाही. डेव्हिड ह्यूमने १७३९–४० साली छापलेल्या ग्रंथात विवेकवाद्यांना हेच सुनावले होते की अक्ल एकटी माणसाला जागचा हलवू शकत नाही. हलवतात त्या भावना. अक्ल वाट दाखवते. ह्यूम दीनदार नव्हता, पण या एका बाबतीत तो आमच्या गावाला तुमच्यापेक्षा बरा ओळखतो. इब्न तुफैलच्या त्या कहाणीतही पुढे काय होते? बेटावरचा तो शहाणा मुलगा माणसांच्या वस्तीत जातो, त्यांना शुद्ध अक्लने सगळे समजावू लागतो, लोक तोंड फिरवतात, आणि तो हताश होऊन बेटावर परततो. आपल्या पुरोगाम्यांची बेटे पुण्या-मुंबईत आहेत.

मग असे कुणी आहे का ज्याने दोन्ही साधले? आमच्या शेजारच्याच अमरावती जिल्ह्यात होऊन गेला. गाडगेबाबा (१८७६–१९५६). शाळेत न गेलेला माणूस. दिवसा हातात खराटा घेऊन गाव झाडायचे, रात्री त्याच गावात कीर्तन करायचे. आमचे आजोबा त्यांच्या कीर्तनाला गेलेले. ते सांगायचे, बाबा आधी हसवत, मग रडवत, आणि मग सवाल विचारत. कर्ज काढून लग्नाच्या पंगती कशाला उठवता? देवाला बकरे कापता, मग तो देव तुमच्या पोराला शिकवतो का? आणि लोकांनी उत्तर दिल्याशिवाय ते पुढे सरकत नसत. हजार माणसांच्या तोंडून ‘नाही’ वदवून घेत. आता ज्याने चारचौघांत स्वतःच्या तोंडाने ‘नाही’ म्हटले त्याला दुसऱ्या दिवशी कर्ज काढताना गाव विचारणार ना? लाज, दर्द, हसू आणि अक्ल, सगळे एका जागी. आमच्या मांडवात अडीच तासांत एक सवाल विचारला गेला नाही. म्हणजे सवाल झाले खूप, पण ते सगळे कबरीतले, फरिश्त्यांनी विचारायचे.

वाटेल, शाळामास्तरणीला मौलानांना शिकवायचा काय अधिकार. अधिकार एवढाच की हा गुन्हा आम्ही स्वतः केला आहे. नोकरीच्या पहिल्या वर्षी आम्ही वर्गात छडी ठेवायचो. शिक्षण हक्क कायद्याने मारायला बंदी आहे हे ठाऊक होते. मारत नव्हतो, टेबलावर वाजवायचो. वर्ग असा चिडीचूप की मुख्याध्यापक खिडकीतून बघून खूश. चाचणी परीक्षेत सातवीच्या निम्म्या मुलांना अपूर्णांकांची बेरीज आली नाही. एका मुलीला विचारले, समजले नव्हते तर विचारले का नाहीस? ती म्हणाली, ‘टीचर, डर लगता था.’ आम्ही मात्र त्या चिडीचूप वर्गाला शिकवणे समजत होतो. छडी त्या दिवशी घरी नेली. चुलीत घातली नाही, कपाटावर आहे. कधी कधी बघतो.

यंदाच्या जलशाची पावतीबुके मागच्या जुम्म्याला निघाली. कमिटीतले एक चाचा आमच्याकडेही आले. आम्ही म्हटले, ‘चाचा, वर्गणी देते, दरवर्षीपेक्षा जास्त देते. फक्त दोन गोष्टी सांगा. मौलाना येणार ते मेहर आणि जहेजवर बोलतील का? आणि कनातीतून चिठ्ठी पाठवली तर स्टेजवर वाचली जाईल का?’ चाचा बराच वेळ पावतीबुकाची पाने चाळत बसले. चहा घेतला. मग म्हणाले, ‘बेटी, तकरीर का मजमून तो हजरत खुद तय करते हैं. चिठ्ठी का कमिटी में पूछ के बताता हूँ.’

पावती अजून फाडलेली नाही. पाचशेची नोट वर्गाच्या हजेरीपटात ठेवली आहे.